सहा सिनेमे आणि तेवढाच निळा

माझ्या कामाच्या खोलीत लाल साडी चालत नसे. पिवळी, हिरवी, मोरपंखी, कुठलीच नाही. भिंती राखाडी, खुर्च्या राखाडी, दिवा मंद आणि ठरावीक पांढरा, आणि मधोमध मी, राखाडी कुर्त्यात. अशी चोवीस वर्षं काढली. चैत्रातल्या हळदीकुंकवाला मी ऑफिसातून थेट सिंगापुरातल्या यिशुन भागात कुणाकडे गेले, की एखादी तरी मला बाजूला घेऊन विचारायचीच, "नीलाताई, घरी सगळं ठीक आहे ना?" मला रंगांचं वावडं आहे अशी इथल्या मराठी बायकांची पक्की समजूत होती. खरं तर मी रंगांवरच पोट भरत होते.

जुने सिनेमे दुरुस्त करणाऱ्या एका कंपनीत मी कलरिस्ट होते. तुआसच्या वाटेवर कारखान्यांसाठी बांधलेल्या एका बहुमजली इमारतीत आमची लॅब होती. खालच्या मजल्यावर सोया सॉस भरायचे, वरच्या मजल्यावर लिफ्टचे सुटे भाग, आणि मधे आम्ही. लाल साडीचं म्हणाल, तर तिच्यावर पडलेला उजेड उसळून पडद्यावर जातो, आणि बसणाऱ्याचा डोळा त्या लालीला सरावतो. सरावला की तो खोटं बोलायला लागतो. आपण खोटं बोलतोय हे त्यालाही कळत नाही, ही त्यातली मुख्य अडचण.

बाहेरच्यांसाठी थोडं समजावून सांगते. जुन्या रंगीत फिल्मवर रंगांचे तीन थर असतात. दमट हवेत त्यातला निळसर हिरवा आधी उडतो, मागोमाग पिवळा, आणि चिवट गुलाबी तेवढा मागे राहतो. म्हणून जुन्या प्रिंटमध्ये माणसं, म्हशी, समुद्र सगळं एकजात गुलाबी दिसतं. आम्ही अशा फिल्मचं प्रत्येक चित्र वेगळं स्कॅन करायचो. दीड तासाच्या सिनेमात अशी सव्वा लाखाच्या वर चित्रं असतात. ओरखडे, डाग काढून झाले की तो माझ्या टेबलावर यायचा. टेबलावर तीन गोळे, ते तळहाताने फिरवायचे आणि उडालेले रंग परत आणायचे. माझा मुलगा लहानपणी इथल्या पद्धतीने शेवटी 'लाह' लावून म्हणायचा, "आई, यू जस्ट प्ले विथ बॉल्स ऑल डे, लाह." त्याचे वडील जहाजदुरुस्तीच्या यार्डात मॅनेजर, त्यांच्या डोक्यावर हेल्मेट. त्यामुळे घरात काम करणारा माणूस एकच, असं त्याचं मत.

पण उडालेला रंग मुळात कसा होता हे सांगणार कोण? खरी मेख इथे आहे. एकदा एक सत्तरीतल्या आजी आणि त्यांचे धाकटे भाऊ वडिलांनी काढलेली घरगुती फिल्म घेऊन आले. त्यात त्यांची पहिली मोटारगाडी होती. आजी म्हणाल्या हिरवी, भाऊ म्हणाले निळी. आमच्या रिसेप्शनमध्ये दोघांचं असं जुंपलं की सोया सॉसवाले जिन्यातून डोकावून गेले. शेवटी आम्ही दोन प्रती दिल्या, एक हिरवी, एक निळी. दोघंही खूश होऊन गेले, आणि एकमेकांशी न बोलता गेले.

घरगुती फिल्मचं ठीक होतं. सिनेमाला मात्र एकच नियम: दिग्दर्शक हयात असेल आणि समोर बसला असेल, तर त्याचा शब्द शेवटचा. माझे सहकारी मिस्टर कोह यांनी हा नियम मला पहिल्याच आठवड्यात शिकवला. कोह जन्मापासून इथले, स्कॅनिंगचे प्रमुख, फिल्म नुसती हुंगून तिचं वय सांगायचे. ते म्हणाले, "डिरेक्टर से ब्लू काऊ, वी गिव्ह ब्लू काऊ. नॉट अवर काऊ, लाह." गाय आपली नाही, हे मी डोक्यात पक्कं ठेवलं. सी ब्राहिम येईपर्यंत ते माझ्या फार कामी आलं.

सी ब्राहिम मोरोक्कोचे. 'सी' म्हणजे आपल्याकडच्या 'राव'सारखं, मानाने लावायचं. वय अठ्ठ्याहत्तर, अंगाने काटक, शर्ट नेहमी पांढरा आणि इस्त्रीचा. बायको वारल्यावर ते मुलीकडे सिंगापूरला राहायला आले होते. मुलगी सल्मा हार्बरफ्रंटला एका शिपिंग कंपनीत नोकरीला होती. येताना म्हाताऱ्याने कपड्यांची एक बॅग आणली आणि फिल्मचे छत्तीस डबे. त्यांच्या गावातल्या एका महोत्सवाने त्यांचे सहा सिनेमे नव्याने दाखवायचं ठरवलं, खर्च उचलला, आणि डबे सिंगापुरातच आहेत म्हटल्यावर काम आमच्याकडे आलं.

मराठीत हरहुन्नरी हा शब्द आपण फार स्वस्तात वापरतो. गाणं म्हणून पोहे करणाऱ्यालाही लावतो. या माणसाला तो शोभायचा. सहा सिनेमे सहा तऱ्हेचे होते. एक विनोदी, एक पोलीस आणि खुनाचा, एक घोड्यांचा ऐतिहासिक, एक लहान मुलांसाठी बाहुल्यांचा, एक सार्डिन पकडणाऱ्या कोळ्यांवरचा माहितीपट, आणि सहावा गच्चीवर चादरी वाळत घालणाऱ्या एका धोबिणीचा. शिवाय साबणाच्या जाहिराती आणि टीव्हीच्या मालिका केल्या, त्या वेगळ्या. लिहायचे ते, कापायचे ते, गरज पडली तर पडद्यावरच्या कुत्र्यासाठी भुंकायचेही ते. ऐतिहासिक सिनेमात त्यांच्याकडे घोडा एकच होता. त्याला कॉफीने रंगवून त्यांनी तीन घोडे केले.

"आमच्याकडे एकाच तऱ्हेचा सिनेमा करणारा माणूस दोन वर्षं घरी बसतो, मादाम नीला," ते म्हणायचे. "मला घरी बसता येत नाही. झहरा घालवून द्यायची." झहरा म्हणजे त्यांची बायको.

समीक्षकांनी त्यांना कधी जवळ केलं नव्हतं. एक ना धड भाराभर चिंध्या, अशा अर्थाचं काहीतरी त्यांच्याबद्दल तिकडे छापून आलं होतं. ते त्यांनी मला स्वतःच हसत हसत सांगितलं. पण सांगताना खिशातला रुमाल काढून त्याची घडी मोडून परत घातली. म्हणजे लागलं होतं.

कामाची पद्धत अशी ठरली. आधी मी एकटीने सिनेमा जमेल तितका मूळ रंगात आणायचा, मग सी ब्राहिमनी शेजारी बसून सांगायचं ते बदलायचं. पहिला विनोदी सिनेमा लावला. पाच मिनिटं पाहून ते म्हणाले, "छान. थोडा निळा द्या, मादाम." दिला. "अजून थोडा." दिला. "हां, आता हवा स्वच्छ झाली." माझ्या डोळ्यांना ती हवा गोठलेली दिसत होती, पण गाय आपली नव्हती.

खुनाचा सिनेमा आला. थोडा निळा. म्हटलं, खुनाला निळा शोभतो. घोड्यांचा आला, तिथेही निळा. कोळ्यांचा आला, समुद्रच आहे म्हणून सोडून दिलं. बाहुल्यांच्या सिनेमात लाकडी बाहुल्यांचे गाल निळसर पडले, तेव्हा मात्र मी कोहना बोलावून दाखवलं. ते दारातूनच म्हणाले, "डिरेक्टर अप्रूव्ह ऑलरेडी. व्हाय यू वरी?" आणि खाली पाव खायला गेले.

आता लिहायला सोपं वाटतं, पण मला तेव्हाच संशय यायला हवा होता. खाणाखुणा समोर होत्या. आमचे कॉफीचे पांढरे कप ते उजेडात धरून बघायचे आणि विचारायचे, "तुमच्या देशात भांडी घासत नाहीत का?" स्वतःचा शर्ट त्यांना कायम मळका वाटायचा. माझ्या सासूबाईंचं असंच झालं होतं. मोतीबिंदूचं ऑपरेशन करून घरी आल्या आणि म्हणाल्या, "माझ्यामागे घराला रंग काढलात, मला विचारलं नाहीत?" मोतीबिंदू नजर नुसती अंधूक करत नाही, ती पिवळी करतो, आणि इतकी हळूहळू करतो की माणसाला पत्ता लागत नाही. हे मला ठाऊक होतं. रंग हाच माझा धंदा होता. तरी पाच सिनेमे मी गप्प बसले.

याचं कारण मी स्वतःला सांगत असे ते असं, की दिग्दर्शकाची आवड असते, शैली असते. मी पुण्याच्या फोटो लॅबमध्ये लग्नांचे फोटो धुऊन वर आलेली बाई, मी कोण सांगणार? खरं कारण साधं होतं. आयुष्यभर डोळ्यांवर जगलेल्या माणसाला, तुमचा डोळा बिघडलाय, हे सांगण्याची माझी छाती नव्हती.

सहावा सिनेमा लावला तो दिवस मला लख्ख आठवतो. चादरींचा. सी ब्राहिमनी आधीच्या पाचही सिनेमांच्या वेळी गप्पा मारल्या होत्या, या वेळी खुर्ची पुढे ओढून गप्प बसले. उन्हात न्हालेलं पांढरं गाव, गच्चीवर दोरीला पांढऱ्या चादरी, आणि त्यांच्यामधून वाट काढत येणारी एक तरुण बाई. भुवई जाड, बाह्या कोपरापर्यंत सरकवलेल्या.

"झहरा," ते म्हणाले. ठरलेली नटी आलीच नव्हती, दुसऱ्या शूटिंगला पळाली होती. झहरा नवऱ्याचा जेवणाचा डबा घेऊन आली होती. त्यांनी डबा काढून घेतला आणि तिच्या हातात चादर दिली. "पूर्ण सिनेमाभर ती माझ्यावर चिडलेली आहे. बघा, अभिनय नाही तो. हा एक सिनेमा माझा. बाकीचे मी लोकांसाठी केले."

मग नेहमीसारखं झालं. थोडा निळा, मादाम. अजून थोडा. चादरी बर्फासारख्या निळसर झाल्या, आणि चादरींमधून आलेल्या झहराचा चेहरा बुडून वर काढलेल्या माणसासारखा दिसायला लागला. सी ब्राहिमचे डोळे पाण्याने भरले. "अगदी अशी," ते म्हणाले. "अगदी अशी होती."

त्या दुपारी ते गेल्यावर मी सहाही सिनेमांचे आकडे काढले. माझ्या मशिनवर प्रत्येक बदलाचा आकडा राहतो. सहा तऱ्हेचे सिनेमे, विनोदापासून खुनापर्यंत, कोळ्यांपासून बाहुल्यांपर्यंत, आणि निळा सगळ्यांत तेवढाच. एका रेषेचाही फरक नाही. जो माणूस एका घोड्याचे तीन घोडे करतो, तो सहा सिनेमांना एकच रंग देणार नाही. ही शैली नव्हती. हा त्यांच्या डोळ्याचा आकडा होता.

दोन आठवड्यांत सिनेमे पाठवायचे होते. त्यांच्या गावात, त्यांच्या माणसांसमोर, झहराचा चेहरा निळा जाणार होता. मी सी ब्राहिमना सांगण्याऐवजी आधी त्यांच्या मुलीला सांगायचं ठरवलं. पळवाटच होती ती, पण निदान पाऊल तरी टाकलं.

सल्माला मी हार्बरफ्रंटला तिच्या ऑफिसजवळच्या हॉकर सेंटरमध्ये, खाण्याच्या टपऱ्यांच्या गर्दीत भेटले. पंचेचाळिशीची, बापासारखीच काटक, बोलणं तुटक. मी कॉफी घेतली, तिने लिंबाचा रस. वडिलांच्या डोळ्यांबद्दल काही बोलायचंय, एवढंच मी म्हणाले आणि ती एकदम म्हणाली, "त्यांच्या डोळ्यांबद्दल मला काही सांगू नका, आंटी. त्यांचे डोळे पडद्यावर चालतात, घरात चालत नाहीत."

मग तिने सांगितलं ते असं. तीन वर्षांपूर्वी तिची आई पिवळी पडायला लागली. यकृताचं दुखणं होतं, पण दुखत मात्र काही नव्हतं. शेजारणी म्हणाल्या, भाजीवाला म्हणाला, झहरा, तू पिवळी दिसतेस. तिने नवऱ्याला विचारलं. सी ब्राहिमनी तिला खिडकीपाशी नेलं, उजेडात चेहरा इकडे तिकडे वळवून नीट पाहिलं आणि सांगितलं, काही नाही, आहेस तशीच आहेस. ती निर्धास्त झाली. त्या घरात रंगाच्या बाबतीत त्यांचा शब्द शेवटचा होता.

"मी इथे होते. फोनवरच्या व्हिडिओत काय कळतं? अडीच महिन्यांनी मी घरी गेले आणि दारातच मला दिसलं. दारातच! अनोळखी माणसालाही दिसलं असतं. ते तिच्यासोबत रोज जेवत होते." तिने ग्लास बाजूला सरकवला. "आधी आणली असती तर, एवढंच डॉक्टर म्हणाले. हॉस्पिटलमध्येसुद्धा हे म्हणत होते, नेहमीसारखी तर दिसते. मी आईचे फोटो काढून ठेवलेत. कधीतरी त्यांच्यासमोर धरणार आहे. मी त्यांना सांभाळते, खायला घालते. पण माझ्या मनातून ते गेलेले आहेत."

मला जे कळत होतं ते तिला माहीत नव्हतं, आणि ते तोंडाने सांगून तिला पटलं नसतं. तिला वाटलं असतं, ही आणखी एक सिनेमावाली बाई सिनेमावाल्याची बाजू घेतेय. मी म्हणाले, "त्यातला एक फोटो मला पाठव. आणि शनिवारी लॅबमध्ये ये. एकटी ये."

ती आली. काळ्या कपड्यांत आली, ते बरं झालं. मी तिला माझ्या शेजारी बसवलं आणि आधी चादरींचा सिनेमा दोन तऱ्हांनी दाखवला. एका बाजूला मी केलेला, दुसऱ्या बाजूला तिच्या वडिलांनी पास केलेला. ती म्हणाली, "आई निळी का आहे?"

"तुझ्या बाबांना ती निळी दिसत नाही. त्यांना ती बरोबर दिसते. त्यांचा डोळा सगळ्यावर पिवळा चढवतो, म्हणून तो मारायला एवढा निळा लागतो. सहाही सिनेमांत एवढाच लागला. आता हाच आकडा उलटा फिरवला, तर ते जग कसं बघतात ते दिसेल."

मग मी तिने पाठवलेला फोटो लावला. हॉस्पिटलची खाट, पांढरी उशी, पांढरी भिंत, आणि उशीवर झहरा. जाड भुवया त्याच होत्या. पांढऱ्यावर तो चेहरा हळदीसारखा पिवळा होता. सल्मा म्हणाली, "बघा. हे दिसत नाही कुणाला?"

मी आकडा उलटा फिरवला. गोळा जेमतेम बोटभर सरकतो.

उशी पिवळी झाली. भिंत पिवळी झाली. चादर, नळी, खाटेची दांडी, सगळं जुन्या कागदासारखं झालं, आणि त्यात झहराचा चेहरा होता, उशीच्याच रंगाचा. वेगळं काही दिसतच नव्हतं. एक बाई पडून होती आणि थोडी दमलेली वाटत होती, बस.

सल्मा पडद्याच्या जवळ सरकली. मग अरबीत काहीतरी म्हणाली, ते मला समजलं नाही. मग इंग्रजीत म्हणाली, "ते खोटं बोलत नव्हते." आणि दोन्ही हात तोंडावर घेऊन रडायला लागली. मीही रडले, सांगायला लाज वाटत नाही. तीन वर्षं त्या मुलीने बापाला ताट वाढलं होतं आणि त्याच्या तोंडाकडे पाहिलं नव्हतं. मी पहिल्या सिनेमालाच तोंड उघडलं असतं तर त्यातले चार महिने तरी वाचले असते. हे माझ्या मनाला लागून राहिलंय.

सी ब्राहिमना सांगायचं काम मी पुढच्या सोमवारी स्वतः केलं. फोटोचा विषय काढला नाही, फक्त सहा सिनेमांचे आकडे पुढे ठेवले. ते संतापले. "पन्नास वर्षं मी या डोळ्यांनी उजेड मोजला! मीटर न लावता!" म्हणाले आणि निघून गेले. कोह मला म्हणाले, "नाऊ यू हॅपी?" दोन दिवस फोन नाही. तिसऱ्या दिवशी ते परत आले, मुलीच्या दंडाला धरून. खुर्चीत बसले, रुमालाची घडी मोडून परत घातली आणि म्हणाले, "मी आयुष्यात सगळ्या भूमिका केल्या, मादाम. आंधळ्याची राहिली होती. कधी करायचं ऑपरेशन?"

ऑपरेशनची तारीख लगेच मिळाली, एका डोळ्यापुरती. महोत्सवाकडून आम्ही आठ दिवस वाढवून घेतले. त्याच संध्याकाळी सल्माचा मला फोन आला. "आंटी, आईचा तो फोटो आणि तुम्ही त्यावर केलं ते, दोन्ही पुसून टाका." मी कारण विचारलं नाही. मला वाटलं, तिला तो फोटो परक्याच्या मशिनवर नको असेल. साहजिक आहे. मी दोन्ही पुसलं आणि पुसल्याचा निरोप पाठवला.

ऑपरेशननंतर सहाव्या दिवशी सी ब्राहिम लॅबमध्ये आले. जिन्यातच थांबून त्यांनी सोया सॉसवाल्यांच्या भिंतीच्या रंगाचं कौतुक केलं. आत आल्यावर माझा कुर्ता बघून म्हणाले, "हा राखाडी आहे? मला वाटायचं तुम्ही उंटाच्या रंगाचे कपडे घालता." चादरींचा सिनेमा मी त्यांनीच पास केलेला लावला. अर्ध्या मिनिटात ते ओरडले, "कुठल्या गाढवाने केलंय हे?"

"तुम्हीच, सी ब्राहिम."

ते इतके हसले की ऑपरेशनच्या डोळ्याला धक्का लागेल म्हणून सल्मा घाबरली. मग त्यांनी गोळ्यावरचा माझा हात बाजूला केला आणि स्वतः निळा काढत गेले. काढता काढता जवळजवळ माझ्या रंगापाशी येऊन थांबले. ऊन तेवढं माझ्यापेक्षा थोडं कोवळं ठेवलं. मला ते सुचलं नव्हतं, आणि तेच बरोबर होतं. मग बाकीचे पाचही आम्ही चार दिवसांत नव्याने केले. कोहनी पहिले दोन दिवस माझ्याशी अबोला धरला, तिसऱ्या दिवशी माझ्यासाठी कॉफी आणली.

शेवटच्या दिवशी सी ब्राहिमनी चादरींचा सिनेमा परत एकदा बघायला मागितला. सल्मा मागे उभी होती. झहरा चादरींमधून पुढे आली तसं त्यांनी चित्र थांबवायला सांगितलं. मग तळहाताने आधी जुना डोळा झाकला आणि पाहिलं. मग नवा झाकला आणि पाहिलं. परत तसंच केलं. सुरुवातीला एखाद्या मुलाला खेळ सापडावा तसं करत होते. मग हात हळू झाला.

"शेवटच्या वर्षी," ते म्हणाले, "मी तिला या डोळ्यांनी बघत होतो. असल्या डोळ्यांनी." "लोक काही म्हणत होते. तिने मला विचारलंही होतं. मी तिला खिडकीपाशी नेलं होतं." त्यांनी जुन्या डोळ्यावर हात तसाच ठेवला आणि मागे वळले. "सल्मा, तू तिचे फोटो काढले होतेस. हॉस्पिटलमध्ये. मला दाखव."

मी मान वर केली नाही. गोळ्यांकडे बघत राहिले. गेली तीन वर्षं ज्या घटकेसाठी तिने ते फोटो जपले होते, ती घटका आता तिच्यासमोर आपण होऊन चालत आली होती.

"फोन बदलला ना बाबा मी," सल्मा म्हणाली. "त्यात गेले ते."

"सगळे?"

"सगळे."

त्यांनी तिच्याकडे पाहिलं, नव्या डोळ्याने. मग माझ्याकडे वळून म्हणाले, "मादाम, तुमच्या मशिनमध्ये सगळं राहतं. तुमच्याकडे काही?"

"नाही, सी ब्राहिम," मी म्हणाले. "आमच्याकडेही नाही."

सल्मा पुढे आली आणि वडिलांच्या शेजारच्या खुर्चीत बसली. इतक्या दिवसांत ती त्या खोलीत त्यांच्या शेजारी पहिल्यांदाच बसली. त्यांनी डोळ्यावरचा हात काढून तिच्या हातावर ठेवला आणि पडद्याकडे तोंड केलं.

"बरं," ते म्हणाले. "मग हीच चालू करा."

मी चालू केली. झहरा चिडलेल्या चेहऱ्याने पुढे आली आणि तिने चादर झटकली.